मोबदला मंजूर झाला, मग पैसे अडलेत कुठे? वाचकांचे प्रश्न, वकीलबाईंची उत्तरं

गणपतीला चाकरमानी गावी येऊन गेले की आमच्याकडे पत्रांचा ढीग पडतो, कारण आरत्या झाल्या की खळ्यात बसून भावकी पहिल्यांदा सातबारा उघडते आणि मग भांडण. या वेळी निम्म्याहून जास्त पत्रं हायवेच्या आणि रेल्वेच्या मोबदल्याची आहेत, म्हणून बाकीचे विषय पुढच्या अंकात.

प्रश्न : आमची ६ गुंठे जागा चौपदरीकरणात गेली, त्यात ११ हापूसची कलमं होती, सगळी धरती. प्रांतांनी जो दर लावला तो फारच कमी वाटला पण घरात लग्न होतं म्हणून पैसे उचलले, निषेध वगैरे काही लिहून दिलं नाही. दोन वर्षं होत आली. शेजाऱ्याने कलेक्टरकडे अर्ज करून वाढवून घेतले. आता मला मागता येतील का? (कुडाळ तालुका)

पहिलं हे बघा की तुमची जमीन कुठल्या कायद्याने गेली. तुमच्या शेजाऱ्यांनी "कलेक्टरकडे" अर्ज केला म्हणताय म्हणजे हायवेचा १९५६ चा कायदा. रेल्वे, धरण, एमआयडीसी यांचे रस्ते वेगळे, आणि लोक गोंधळतात ते इथेच, एकाने रेल्वेच्या केसचा अनुभव सांगितला की दुसरा हायवेला तेच करायला जातो आणि मुदत निघून जाते.

जुन्या १८९४ च्या कायद्यात आणि २०१३ च्या नव्या कायद्यातही असं आहे की निषेध न नोंदवता पैसे घेतले तर वाढीव मागायचा अर्ज चालत नाही. हायवेच्या कायद्यात अशी अट लिहिलेली नाही. कलम ३जी(५) सांगतं की ठरलेली रक्कम एका पक्षाला मान्य नसेल तर केंद्र सरकारने नेमलेला लवाद ती ठरवेल, आणि आपल्याकडे तो लवाद म्हणजे बहुतेक वेळा जिल्हाधिकारीच असतात. म्हणजे तुमचं दार बंद नाही. फक्त तुम्ही कुठे "संमती"च्या कागदावर सही केलीय का ते आठवा. थेट वाटाघाटीने खरेदीखत करून दिलं असेल तर विषय संपला, तिथे मग कोर्ट नाही. या कलमात मुदत लिहिलेली नसली तरी तीन वर्षांनंतर आलेल्या अर्जाला समोरचे वकील मुदतीचीच हरकत घेतात, तेव्हा दिवाळीनंतर बघू असं करू नका.

आता अर्ज म्हणजे "दर कमी आहे, वाढवून मिळावा" अशी एक पानी विनंती नव्हे, आणि हे मी दर वेळी सांगते तरी लोक तेच करतात. लवादापुढे जो पुरावा द्याल तोच पुढे कामाला येतो. लवादाचा निकाल पटला नाही तर जिल्हा कोर्टात लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली जाता येतं, पण तिथे सही झालेली प्रत हातात पडल्यापासून तीन महिने, फार तर वर ३० दिवस, त्यानंतर एक दिवससुद्धा नाही. आणि सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये हायवेच्याच केसमध्ये सांगितलंय की कलम ३४ मधलं कोर्ट स्वतः रक्कम वाढवून देऊ शकत नाही, निकाल फार तर रद्द करेल. एप्रिल २०२५ मध्ये पाच न्यायाधीशांनी त्यात थोडी सूट दिली, मर्यादित बाबतीत बदल करता येतो म्हणून, पण दर नव्याने ठरवून मिळेल या भरवशावर राहू नका. खरी लढाई कलेक्टरसमोरच.

पुरावा कसला? २०१३ च्या कायद्याची भरपाईची पद्धत १ जानेवारी २०१५ पासून हायवेलाही लागू आहे. त्यात रेडी रेकनरचा दर एकीकडे आणि दुसरीकडे जवळपासच्या तशाच जमिनींच्या आधीच्या तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी जास्त किमतीची अर्धी निवडून त्यांची सरासरी, यातलं जे जास्त ते धरायचं. तेव्हा नोंदणी विभागाच्या वेबसाईटवर ई-सर्चमध्ये जाऊन तुमच्या आणि शेजारच्या गावांचे इंडेक्स टू, म्हणजे नोंदलेल्या खतांचे उतारे, काढा, अधिसूचना निघायच्या आधीचेच, नंतरचे चालत नाहीत. इथे एक कडू गोष्ट बोलून घेते. आपल्याकडे स्टॅम्प ड्युटी वाचवायला खतात कमी किंमत लिहायची आणि उरलेले हातावर घ्यायचे ही जुनी सवय, आणि आज तेच कमी किमतीचं खत प्रांत पुढे करतात की तुमच्या गावात तर भाव एवढाच आहे. अख्ख्या वाडीने मिळून स्वतःचा दर पाडलेला असतो.

हिशोबाची उजळणी करू या, आकडे माझ्या मनातले. ६ गुंठे म्हणजे साधारण ६०७ चौरस मीटर. दर ५०० रुपये धरला तर ३ लाख साडेतीन हजार. ग्रामीण भागाचा गुणक, म्हणजे बाजारभाव किती पट धरायचा तो आकडा, १ ते २ च्या मध्ये असतो, तुमच्या अधिसूचनेच्या वेळी सरकारने कुठला लावला होता तो निवाड्यात, म्हणजे प्रांतांच्या मोबदल्याच्या आदेशात, बघा, २ धरला तर ६ लाख ७ हजार. त्यात कलमांचे २ लाख मिळवले की ८ लाख ७ हजार. त्यावर १०० टक्के सोलेशियम, म्हणजे जमीन सक्तीने गेल्याबद्दलची जादा रक्कम, की एकूण १६ लाख १४ हजार. शिवाय मूळ बाजारभावावर वर्षाला १२ टक्के, निवाडा किंवा ताबा यातलं जे आधी होईल तोवर. निवाड्याच्या तक्त्यात एकेक रकाना असा तपासा, मी असे तक्ते पाहिलेत जिथे झाडांच्या रकमेवर सोलेशियमच लावलेलं नव्हतं आणि मालकाला वर्षभर पत्ता नाही.

कलमांचं वेगळं मिळतं का? सुप्रीम कोर्टाने २०११ मध्ये आपल्या रायगडच्याच एका प्रकरणात हे नीट सांगितलंय. जमिनीचा दर मोकळ्या जमिनीच्या व्यवहारावरून काढला असेल तर झाडांचे वेगळे पैसे द्यायलाच हवेत, पण दर मुळातच बागेच्या व्यवहारावरून काढला असेल तर झाडं त्यात आलीच, दोनदा मिळत नाहीत. म्हणून कातळाच्या जमिनीचा दर लावलाय की बागायतीचा हे आधी बघा. कातळाचा दर लावून वर कलमांचेही पैसे कमी, असं असेल तर भांडायला जागा आहे. कलमाचं वय आणि दर वर्षीच्या पेट्या हे दाखवायला आंबा पाठवल्याच्या दलालाच्या पट्ट्या काढून ठेवा, माळ्यावर असतीलच.

जाता जाता, हायवेला जमीन २०१५ च्या आधी गेलेल्यांसाठी : सोलेशियम आणि व्याज नाकारणारी तरतूद सुप्रीम कोर्टाने २०१९ मध्ये घटनाबाह्य ठरवली आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये पुन्हा सांगितलं की तो निकाल मागच्या प्रकरणांनाही लागू. ज्यांची फाईल अजून कुठल्या तरी कोर्टात पडून आहे त्यांनी वकिलाला हे विचारा.

प्रश्न : निवाड्यात ४ गुंठे लिहिलेत, जेसीबीने प्रत्यक्षात ६ घेतले. ठेकेदार म्हणतो साहेबांना विचारा, साहेब म्हणतात नकाशा बघा. (चिपळूण तालुका)

भूमी अभिलेखकडे मोजणीचा अर्ज टाका, मोजणी नकाशाची क-प्रत हातात घ्या, आणि तिच्यासोबत प्रांतांना लेखी द्या. अधिसूचनेत नसलेली २ गुंठे सरकारची झालेलीच नाहीत, ती आजही तुमचीच आहेत आणि तिच्यात कोणी घुसलं असेल तर त्याला एकतर वेगळं संपादन करावं लागेल नाहीतर जमीन मोकळी करावी लागेल. मोजणीआधी डांबर पडलं तरी घाबरू नका, पण गडग्याची, म्हणजे दगडी कुंपणाची, जुनी खूण, माड, विहीर जे काही उरलंय त्याचे फोटो आजच काढा.

प्रश्न : आमच्या सातबाऱ्यावर २७ नावं आहेत, त्यातले ९ जण वारलेले. मी आणि माझा चुलतभाऊ एवढेच गावाला, बाकी सगळे मुंबई-ठाण्याला. हायवेचे पैसे मंजूर होऊन पडलेत पण प्रांत ऑफिस म्हणतं सगळ्यांच्या सह्या आणा. आता आत्यांनी पण हरकत घेतलीय, त्यांचं लग्न १९७८ ला झालंय हो. आणि भरीस भर इतर हक्कात एका कुळाचं नाव आहे, तो म्हणतो सगळे पैसे माझेच. (राजापूर तालुका)

दादा, तुमचं पत्र म्हणजे अख्खं कोकण एका पानावर आहे. देशावर लोक दरासाठी भांडतात, आपल्याकडे दर मान्य असतो आणि पैसे अडकतात ते वाटणीत. परशुराम घाटाचं काम इतकी वर्षं रेंगाळलं त्यातही देवस्थान, खोत आणि कुळं यांच्यात मोबदला कुणाचा हा वाद होताच. एकेक धागा सोडवू.

आधी मेलेली ९ माणसं. वारस नोंद करून घ्या, तलाठ्याकडे, म्हणजे आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं. मृत्यूचा दाखला नसेल तर ग्रामपंचायतीचा जन्ममृत्यू रजिस्टरचा उतारा शोधा, तोही नसेल तर कोर्टातून वारस दाखला, वेळ लागतो पण याला शॉर्टकट नाही. मुंबईच्या लोकांना सहीसाठी गावी आणत बसण्यापेक्षा एकाच्या नावे नोंदणीकृत कुलमुखत्यारपत्र करून घ्या आणि त्यात फक्त "या गट नंबरचा मोबदला घेणे" एवढंच लिहा. अख्ख्या मिळकतीचं मुखत्यारपत्र कोणी मागत असेल, सख्खा भाऊ असला तरी, देऊ नका.

आता आत्या. तुम्ही "लग्न १९७८ ला झालंय हो" असं लिहिलंय त्यातला "हो" मला समजला. पण लग्नाचा आणि हिश्श्याचा संबंध नाही. २००५ च्या दुरुस्तीने मुलगी मुलाइतकीच वडिलोपार्जित मिळकतीची हिस्सेदार झाली, आणि ऑगस्ट २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की हा हक्क जन्माने आहे, वडील २००५ च्या आधी वारलेले असले तरी. २० डिसेंबर २००४ च्या आधी कायदेशीर वाटप होऊन नोंदणी झालेली असेल तर गोष्ट वेगळी, पण २७ नावांचा सामाईक सातबारा हाच पुरावा की तुमचं वाटप झालेलं नाही. त्यांनी कधी हक्कसोडपत्र दिलं होतं का? ते नोंदणीकृत आहे का आणि त्यात हाच गट नंबर आहे का? स्टॅम्प पेपरवर अंगठा एवढंच असेल तर त्याचा उपयोग नाही. माझं मत विचाराल तर आत्यांना त्यांचा हिस्सा काढून द्या, कोर्टात दहा वर्षं घालवून तुम्ही त्यांना तेवढेच देणार आहात, वर वकिलाचे वेगळे.

राहिलं कूळ, आणि इथे दोन्हीकडचे लोक अर्धवट ऐकीव माहितीवर भांडतात. मालक म्हणतो माझं नाव कब्जेदार सदरी आहे, कूळ म्हणतो इतर हक्कात माझं आहे, दोघांनाही वाटतं आपणच जिंकलो. कूळ कायद्याप्रमाणे १ एप्रिल १९५७ ला जो कूळ स्वतः जमीन कसत होता तो त्या दिवशी कायद्यानेच खरेदीदार मानला गेला, मग ३२ग खाली किंमत ठरायची, ती भरली की ३२म चं सर्टिफिकेट. असं सर्टिफिकेट त्यांच्याकडे असेल तर तुम्ही मालक राहिलेलाच नाहीत आणि पैसेही त्यांचेच, कितीही वाईट वाटलं तरी. सर्टिफिकेट नसेल तर मग ३२ग ची चौकशी झाली का, झाली तर काय निकाल लागला, की कुळानेच "मला घ्यायची नाही" असं लिहून दिलं, हे तहसीलमधल्या जुन्या दप्तरात सापडतं, फेरफार नंबरावरून माग काढा. जमीन देवस्थानची असेल तर अजून वेगळं, ट्रस्टच्या जमिनीला ८८ब ची सूट असते आणि तिथे कूळ मालक होत नाही, पण कूळ म्हणून त्याचा हक्क राहतोच. आणि नुसतं अर्धेलीने भात लावायला दिलं होतं, नाव तेवढं पीकपाहणीला लागलं, अशीही प्रकरणं ढिगाने आहेत.

माणूस कूळ आहे की नाही हे ठरवायचा अधिकार कूळ कायद्याच्या कलम ७०(ब) खाली तहसीलदारांचा आहे. दिवाणी कोर्टात हा प्रश्न उभा राहिला तर कोर्टालाही तो मुद्दा त्यांच्याकडेच पाठवावा लागतो. म्हणजे कोर्टात वाटपाची केस, तिथून मुद्दा तहसीलमध्ये, तिथून अपील, मग परत कोर्टात. हिशोब करा किती वर्षं.

प्रांत ऑफिसला मात्र एक गोष्ट लेखी विचारा. वाटपाचा वाद असेल तर हायवेच्या कायद्यात कलम ३एच(४) आहे, ते म्हणतं की वाद जिल्ह्याच्या मुख्य दिवाणी कोर्टाकडे पाठवा. सुप्रीम कोर्टाने २०२३ मध्ये स्पष्ट केलंय की सक्षम अधिकाऱ्याने, म्हणजे इथे प्रांतांनी, हा वाद स्वतः निकाली काढायचा नाही. तेव्हा "सगळ्यांच्या सह्या आणा" म्हणत वर्षानुवर्षं फाईल कपाटात ठेवणं बरोबर नाही, कोर्टाकडे पाठवा असा अर्ज द्या आणि पोच घ्या. पैसे कोर्टात जमा झाले की पहिल्याच तारखेला दुसरा अर्ज : रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवा. नाहीतर ती नुसती पडून राहते आणि केस संपते तेव्हा हातात तेवढीच येते. कुळाचा दावा सगळ्या जमिनीवर नसून एका तुकड्यावरच असेल तर बाकीच्या बिनवादाच्या रकमेचं वाटप आधी मागा.

आणि शक्य असेल तर बसून मिटवा. तुमच्या आजोबांचे आणि त्या कुळाच्या आजोबांचे संबंध काय होते ते मला माहीत नाही, पण शिमग्याला पालखी दोन्ही घरी येत असेल. ठरलेलं लोकअदालतीत नोंदवून घ्या, तिथल्या निवाड्यावर अपील नसतं, म्हणजे उद्या कुणाचा मुलगा उठून परत भांडू शकत नाही.

प्रश्न : आजोबांची जमीन कोकण रेल्वेला गेली. त्यांनी केस केली होती, खालच्या कोर्टाने पैसे वाढवून दिले, मग समोरच्यांनी हायकोर्टात अपील केलं. आजोबा गेले, वडीलही गेले. केस जिवंत आहे का हेच कळत नाही. (संगमेश्वर तालुका)

कोकण रेल्वे १९९८ च्या जानेवारीत पूर्ण सुरू झाली, म्हणजे भूसंपादन त्याच्याही आधीचं, १८९४ च्या कायद्याचं. आधी हायकोर्टाच्या वेबसाईटवर आजोबांच्या नावाने शोधा, स्पेलिंग दहा प्रकारे टाकून बघा, आपली आडनावं इंग्रजीत कशीही लिहिलेली असतात. आणि आता मुंबईतच शोधू नका. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय आणि रत्नागिरी, सिंधुदुर्ग त्याच्याकडे आहेत. रायगडवाल्यांचं अजून मुंबईलाच.

अपील सरकारी बाजूचं आहे म्हणजे तुमचे आजोबा त्यात सामनेवाले. सामनेवाला वारला तर त्याचे वारस रेकॉर्डवर आणायचं काम अपील करणाऱ्याचं असतं, ९० दिवसांत. ते केलं नसेल तर अपील तुमच्यापुरतं बाद होऊ शकतं, आणि ते तुमच्या फायद्याचं आहे. पण तुम्ही स्वतः पुढे आला नाहीत तर पैसेही कोण उचलणार? वारसांचा वकीलपत्रासह अर्ज द्या आणि जमा रक्कम काढायची परवानगी मागा, अपील चालू असतानाही काही भाग हमीवर काढू देतात.

व्याज विसरू नका. त्या कायद्यात वाढीव रकमेवर ताब्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के सरळव्याज आहे. ३० वर्षं पैसे भरलेच नसतील तर ९ अधिक २९ गुणिले १५, म्हणजे ४४४ टक्के. वाढीव १ लाखावर ४ लाख ४४ हजार नुसतं व्याज. २००१ मध्ये सुप्रीम कोर्टाने सोलेशियमवरही व्याज द्यायला सांगितलंय. मात्र जितकी रक्कम ज्या तारखेला कोर्टात भरली तितक्यावरचं व्याज त्या तारखेला थांबतं, म्हणून भरणा कधी झाला हे कोर्टाच्या नाझरकडून लिहून घ्या.

प्रश्न : एक गृहस्थ वाडीत फिरतायत, म्हणतात खर्च सगळा माझा, वकील माझा, वाढीव मिळालं की २५ टक्के द्या. कोऱ्या स्टॅम्पवर सही आणि दोन कोरे चेक मागतात. (मुलुंडला राहणारे, गाव देवगड)

नाही.

थोडं जास्त सांगते. वकिलाने निकालावर अवलंबून फी घ्यायची किंवा मिळणाऱ्या रकमेत हिस्सा ठरवायचा, याला बार कौन्सिलच्या नियमात बंदी आहे. म्हणून मध्ये असा गृहस्थ लागतो. कोरा चेक बाऊन्स झाला की केस तुमच्यावर होते, त्याच्यावर नाही.

प्रश्न : मोबदल्यातून १० टक्के टीडीएस कापला. जमीन भाताची होती. (माणगाव तालुका)

शेतजमिनीच्या मोबदल्यावर तो टीडीएस लागत नाही. निवाडा आणि सातबारा सीएला दाखवा, रिटर्न भरून परत मागा. २०१३ च्या कायद्याखालच्या मोबदल्यालाही कलम ९६ ची करमाफी आहे आणि ऑक्टोबर २०१६ चं आयकर खात्याचं परिपत्रक तेच सांगतं. उशिराच्या व्याजाचं मात्र तसं नाही, ते खातं इतर उत्पन्नात धरतं, निम्म्याची वजावट मिळते. पुढच्या वेळी पॅन द्यायला विसरू नका, नाहीतर २० टक्के कापतात.

प्रश्न : "वकीलबाय, आमच्या परड्यातसून रस्तो गेलो, गडगो पडलो, पैसो एक नाय गावलो, आता तीस वर्सां झाली." (मालवण तालुका, काकींनी फोनवर सांगितलं तसं)

काकी, तीस वर्षं झाली म्हणून तुमचा हक्क गेला असं नाही. सरकारने १९६७ साली संपादनाशिवाय घेतलेल्या एका बाईंच्या जमिनीचा मोबदला सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२० मध्ये द्यायला लावला, आणि सरकारला इतकी वर्षं वहिवाट आहे म्हणून मालक झालो असं म्हणता येणार नाही असंही सांगितलं. ती हिमाचलची केस, पण लागू सगळीकडे.

पण आधी एक शोधा. गावच्या रस्त्याला बरेचदा संमतीपत्र किंवा दानपत्र घेतलेलं असतं, ग्रामपंचायतीत, आणि तुमच्या मालकांनी किंवा सासऱ्यांनी "रस्ता झाला तर बरंच" म्हणून सही केलेली असेल. तशी सही निघाली तर मोबदला मागणं कठीण. म्हणून माहितीच्या अधिकारात दोन अर्ज करा, एक ग्रामपंचायतीला आणि एक जिल्हा परिषदेच्या बांधकाम विभागाला : या रस्त्यासाठी कुणाकुणाची संमती घेतली त्याच्या प्रती द्या, आणि संपादनाचा निवाडा झाला असेल तर त्याचीही. ३० दिवसांत उत्तर यायला हवं. ते घेऊन मगच या, तोवर पडलेल्या गडग्याचे चिरे कुणाला नेऊ देऊ नका, परड्याची हद्द दाखवायला तेवढेच उरलेत.